राहिलेला फुरका

चहा पिताना आवाज करायचा नाही, हे मला आईनं चिमटे काढून शिकवलं. आमच्या पुण्याच्या घरात फुरका मारायचा अधिकार फक्त आजोबांना होता. ते बशीत चहा ओतून असा काही फुरका मारायचे, की शेजारच्या काकू भिंतीपलीकडून म्हणायच्या, "झाला वाटतं अण्णांचा चहा." मी एकदा त्यांची नक्कल केली, तर आईनं मांडीला असा चिमटा घेतला की मी चहाच नको म्हणाले. पुढे कॅनडात आल्यावर ऑफिसातल्या मीटिंगांमध्ये त्या चिमट्यांचा उपयोगच झाला म्हणायचा. आईची ही सगळी मेहनत एडमंटनमधल्या एका काकूंनी एका शनिवारी दुपारी पाण्यात घातली.

काकू म्हणजे माझ्या घरमालकीण. मूळच्या नागपूरच्या. डॉक्टर होऊन, लग्न करून भर हिवाळ्यात एडमंटनला उतरल्या त्याला आता पन्नासच्या आसपास वर्षं झाली होती, पण बोलण्यातलं नागपूर तसूभरही हललं नव्हतं. नोकरी पॅथॉलॉजिस्टची, म्हणजे आयुष्य मायक्रोस्कोपवर वाकून गेलेलं. मी त्यांच्याकडे वरच्या मजल्यावर राहायला गेले तेव्हा त्या रिटायर झालेल्या होत्या, काका वारलेले होते, एकुलती एक मुलगी लांब विंडसरला होती, आणि घराच्या बेसमेंटमध्ये काकूंनी जपानी पद्धतीची चहाची खोली बांधलेली होती.

हे मला आधी कोणीच सांगितलं नव्हतं. मराठी मंडळातल्या ज्या बाईंनी घर सुचवलं, त्या एवढंच म्हणाल्या, "स्वभावानं चांगल्या आहेत गं. पण जरा... बघशीलच तू."

मी बघितलं. आता त्या नाहीत. या फेब्रुवारीत गेल्या. तेव्हापासून शनिवार दुपार आली की माझं कशातही लक्ष लागत नाही.

त्या खोलीचं दार माणसाच्या कमरेएवढं होतं. आत जायचं तर वाकून, जवळजवळ रांगत. जपानात असंच असतं म्हणे. राजा असो की शिपाई, चहाला यायचं तर मान खाली घालून. एकदा घर गरम ठेवणारा फर्नेस बिघडला म्हणून दुरुस्तीला एक उंचापुरा पंजाबी मेकॅनिक आला. ते दार बघून त्याला काकूंची दया आली. "आंटीजी, मिस्त्री ने दरवाज़ा छोटा लगा दिया आपको. मैं ठीक करवा दूँ?"

"दरवाज़ा ठीक है बेटा," काकू म्हणाल्या. "तू थोड़ा लंबा हो गया है."

आणि त्यालाही आत बसवून चहा पाजलाच. तो बिचारा गुडघे छातीशी घेऊन बसला होता. जाताना मला हळूच म्हणाला, "चाय में दूध डालना भूल गईं आंटी."

या फर्नेसचं आणि काकूंचं हाडवैर होतं. खोलीत लोखंडी किटली असायची. पाणी आधणाला यायच्या आधी ती एक बारीक आवाज करते. जपानी लोक त्याला पाइनच्या झाडांतला वारा म्हणतात. तो आवाज ऐकत बसणं हा चहाचा अर्धा भाग. पण भिंतीपलीकडचा फर्नेस सुरू झाला की कसला पाइन आणि कसला वारा. म्हणून चहाच्या वेळी काकू फर्नेस सरळ बंद करायच्या. बाहेर उणे तीस. आम्ही पाहुणे जॅकेटं घालून, नाकं लाल करून पाइनचा वारा ऐकतोय. मंडळातली बरीचशी माणसं एकदा येऊन गेली ती पुन्हा फिरकली नाहीत. "हेल्थ हॅझर्ड आहे तिथला चहा," असं एक रिटायर्ड इंजिनियर काका मला ग्रोसरीत म्हणाले होते. मी काकूंना ते सांगितलं. त्या म्हणाल्या, "बरं झालं. जागा तशीही कमीच आहे."

पहिल्या शनिवारी मला त्यांनी आधी गोड खायला दिलं. चहाच्या आधी गोड, चहात साखर नाही, असा नियम. ताटलीत मेपलच्या पानाच्या आकाराची लालसर वडी होती. मी तोंडात टाकली आणि म्हणाले, "काकू, हे पुरण आहे."

"मग काय तर. त्यांच्याकडे लाल चवळीसारखी एक डाळ असते, तिचं पुरण. फक्त जायफळ नाही. जायफळ घातलं की चहा रुसतो."

मग चहा. रेशमी फडक्यानं डबी पुसली, बांबूच्या पळीनं गरम पाणी घेतलं, हिरवी पूड बाउलमध्ये घातली आणि बांबूच्या एवढ्याशा रवीनं ताक घुसळावं तशी घुसळली. हे सगळं इतकं सावकाश, की मला वाटलं आता यांना धक्का देऊन जागं करावं लागतंय. बाउल समोर आला. सांगितल्याप्रमाणे वाकले, बाउल तळहातावर फिरवला, प्यायले. कडू होता, पण पुरणावर बरा लागला. शेवटचा थेंबसुद्धा आवाज न करता संपवला आणि बाउल खाली ठेवला.

काकू मान खाली घालून बसलेल्या. हलल्या नाहीत. मी हसून बघितलं, तरी हलल्या नाहीत. माझे पाय बधिर झाले, नाक गळायला लागलं.

"काकू, झाला माझा."

"मला कसं कळणार?"

"बाउल खाली ठेवला की."

"पाहुणा पीत असताना त्याच्या तोंडाकडे पाहत नसतात पोरी. मी तर मान खाली घालून बसली आहे. मग तुझा चहा संपला हे मला कशानं कळणार? कानानंच नं? शेवटच्या घोटाला फुरका मारायचा असतो. तो ऐकला की मी पुढचं करणार. नाही ऐकला तर बसणार अशीच."

"मला नाही येत फुरका मारता."

"ब्राह्मणाच्या घरात वाढली आणि फुरका येत नाही?"

त्यांनी पुन्हा चहा केला. माझ्या तोंडून कसाबसा एक फुस्स आवाज निघाला. "हे काय, मांजर प्यायलं का?" पुन्हा केला. या वेळी मी डोळे मिटले, आजोबांची बशी आठवली, आणि मारला. काकूंनी दोन्ही हात चटईवर टेकले आणि माझ्यासमोर कपाळ लागेपर्यंत वाकल्या. मला आधी हसू आलं आणि मग एकदम रडू. आजोबा गेल्यानंतर किती वर्षांनी मी तो आवाज ऐकत होते, आणि तो माझ्याच तोंडातून आला होता.

तेव्हापासून मी दर शनिवारी जायला लागले. टोरांटोला नोकरी मिळेपर्यंत एकही शनिवार शक्यतो चुकवला नाही. ऑफिसातल्या मैत्रिणी स्कीइंगला बोलवायच्या, मी नाही म्हणायचे. त्यांना वाटायचं माझं कुठेतरी काहीतरी चालू आहे. तसं म्हटलं तर होतंच.

काकूंचे नियम पुष्कळ होते. फोन जिन्यातल्या पिठाच्या डब्यात ठेवायचा. खोलीत हवामान, घरांच्या किमती आणि मुलांची ॲडमिशन या तीन विषयांवर बोलायचं नाही. मग बाकी मराठी लोकांनी बोलायचं काय, असं मी विचारलं. "म्हणून तर कोणी येत नाही," त्या म्हणाल्या. त्या स्वतः मात्र बाउल हातात घेऊन त्याच्या तळाबद्दल, चिरेबद्दल, कुठे रंग ओघळला आहे त्याबद्दल कितीही वेळ बोलू शकायच्या. मायक्रोस्कोपची सवय.

एक गोष्ट त्यांना कधीच जमली नाही. या चहाचा एक दाट प्रकार असतो, तो एकाच बाउलमधून सगळे पाहुणे पाळीपाळीनं पितात. मान त्या चहालाच जास्त. काकूंना ज्या म्हाताऱ्या जपानी बाईंनी एडमंटनमध्ये हे सगळं शिकवलं, त्यांनी हात टेकले, पण काकूंनी तो चहा केला नाही की प्यायला नाही. "नाही जमत बाप्पा. हॉस्पिटलात मी काय काय हाताळलं ते सांगितलं तर तू आज जेवणार नाही. पण दुसऱ्याचा उष्टा घोट? आईनं ते उष्टं-खरकटं असं डोक्यात भरलंय नं, की मेल्यावरच निघेल."

आणि दुसरी गोष्ट म्हणजे त्या खोलीतून निघताना 'येते' म्हणायचं नाही. मी पहिल्याच दिवशी सवयीनं म्हणाले, "येते हं काकू." वरच तर जायचं होतं.

"इथं ते म्हणायचं नाही. वाक आणि जा."

मला वाटलं हे काहीतरी जपानी तत्त्वज्ञान असणार. प्रत्येक भेट एकदाच होते, पुन्हा तीच होत नाही, असं ते लोक मानतात हे मी वाचलं होतं. मी ते काकूंना ऐटीत सांगितलंही. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि म्हणाल्या, "हो, तसंही म्हणतात."

खरं काय ते मला पुढच्या उन्हाळ्यात कळलं. उत्तरेला वणवे पेटले होते, धूर शहरावर उतरला होता, आभाळ हळदीसारखं पिवळं. खिडक्या बंद करून आम्ही बेसमेंटमध्ये बसलो होतो. चहा झाला होता. काकूंनी आपणहून सुरुवात केली.

मुलगी शाळेत होती तेव्हाची गोष्ट. तिला मैत्रिणीकडे ठेवून हे दोघं भारतात निघाले होते आणि वाटेत जपान बघायला उतरले. क्योटोत एक कॉलेजातली मुलगी त्यांना गाव दाखवायला होती. ती त्यांना आपल्या मावशीकडे चहाला घेऊन गेली. लहान पूल, मग परसात पर्सिमनचं झाड असलेलं घर. काका सारखे खुणेनं साखर मागत होते. काकूंनी गोड खाल्लं आणि "अहो, हे पुरण!" असं ओरडल्या.

"मग त्या बाईनं चहा केला. काय सांगू तुला. लग्न होऊन या देशात आली, तेव्हापासून मी सगळ्यांचं करून राहिली होती. हॉस्पिटल, घर, पोर, पाहुणे. माझ्यासाठी कोणी इतकं मन लावून एक कप चहा केला नव्हता. तुझ्या काकांनी पण नाही. फुरका मारला नं मी, तर ती बाई वाकली. मी, नागपूरची, माझ्यापुढे वाकली."

निघताना ती बाई दारात येऊन उभी राहिली, आणि काकू आपल्या रीतीप्रमाणे म्हणाल्या, "येते हं." आपल्यात जाताना 'जाते' म्हणतं का कोणी? त्या मुलीनं विचारलं, तुम्ही काय म्हणालात? काकूंनी अर्थ सांगितला: परत येईन म्हणाले. तिनं तो मावशीला सांगितला. मावशीनं विचारलं, कधी?

"आता बघ. 'येते' म्हटलं की समोरच्यानं 'ये' म्हणायचं, संपलं. 'कधी' असं विचारतं का आपल्यात कोणी? मी गडबडली. म्हटलं, पुढच्या वर्षी, पानं लाल झाली की."

पुढच्या वर्षी पानं लाल झाली आणि त्या मुलीचा फोन आला. मावशी विचारते आहे, कोणत्या दिवशी येणार? तिनं बाग झाडून ठेवली आहे. त्याच महिन्यात काकांना पॅरॅलिसिसचा झटका आला होता. त्याच्या पुढच्या वर्षी पुन्हा फोन आला. काका अजून अंथरुणातच होते. तिसऱ्या वर्षी फोन आला नाही.

"तुम्ही नाही केला?"

"काय विचारू? बाई आहे का गेली, असं?" त्यांनी कोरडाच बाउल पुन्हा पुसला. "मग मी इथं शिकवणारी शोधली. तिथं जाऊन प्यायचं राहिलं, तर निदान कोणाला तरी पाजू. पण एकदा जायचं आहे गं मला तिथं. ती नसेल. दार तर असेल. दारात उभं राहून सांगायचं आहे, आली म्हणून."

मी म्हणाले, चला, मी नेते. त्यांनी गुडघ्यांवर हात ठेवले. ते गुडघे तेव्हाच त्यांना चटईवर बसू द्यायचे आणि उठू द्यायचे नाहीत. मी काखेत हात घालून उठवायचे. त्यानंतर दर वर्षी मी विचारायचे, आणि दर वर्षी त्या म्हणायच्या, "पुढच्या वर्षी," आणि लगेच जीभ चावायच्या.

मग मला टोरांटोत, नॉर्थ यॉर्कला नोकरी मिळाली, आणि त्याच सुमाराला मुलीनं काकूंना विंडसरला न्यायचं ठरवलं. एवढ्या मोठ्या घरात एकटी बाई, वर दारातला बर्फ शोव्हल करायचा कोणी? घर विकलं गेलं. घेणाऱ्यांना बेसमेंटमध्ये टीव्ही रूम हवी होती. शेवटच्या शनिवारी खोक्यांच्या गर्दीतून वाट काढत मी त्या दारातून रांगत आत गेले. फर्नेस बंद केलेला होता. पाइनमधला वारा वाहत होता.

त्या दिवशी मी शेवटचा घोट बाउलमध्ये ठेवला. तो घेतला, फुरका मारला, की काकू वाकणार, भांडी आवरणार, आणि ही खोली संपणार. मला ते नको होतं. अगदी लहान मुलासारखं नको होतं. काकू मान खाली घालून बसल्या होत्या. किटली वाजत होती. बराच वेळ गेला.

"पोरी, थंड होऊन राहिला."

"हो."

"घोट असा धरून ठेवला म्हणून कोणी थांबत नसतं. फुरका मार. मला पुढचं करू दे."

मी मारला. अगदीच मांजराचा. तरी त्या वाकल्या, नेहमीसारख्या, कपाळ टेकून. मग तो तपकिरी बाउल आणि रवी माझ्या हातात दिली. "डिशवॉशरमध्ये घातला तर बघ." मी गाडीत बसले तेव्हा त्या काकांचा जुना पार्का घालून दारात उभ्या होत्या. मी कोपऱ्यावर वळेपर्यंत त्या आत गेल्या नाहीत. 'येते' मी म्हणाले नाही.

त्यानंतर शनिवार फोनवर व्हायचा. मी माझ्या काँडोच्या बाल्कनीशी चटई टाकून चहा करायचे, फोन स्पीकरवर बाजूला. काकू तिकडून ऐकायच्या. फुरका झाला की म्हणायच्या, "आला ऐकू." बस. कधीकधी तेवढंच बोलणं व्हायचं, आणि मला ते आठवडाभर पुरायचं.

गेल्या ऑक्टोबरमध्ये ऑफिसनं मला टोकियोला पाठवलं. मी रजा जोडून क्योटोला गेले. पूल पाहिले, तिथं पूल काय कमी आहेत? पर्सिमनची झाडं घरोघर होती, नारिंगी फळांनी लगडलेली. ते घर सापडणार नव्हतं, हे मला माहीत होतं, तरी मी संध्याकाळपर्यंत दारं बघत फिरले. शेवटी प्रवाशांसाठी असतो तसा पाऊण तासाचा चहा घेतला. आमच्या रांगेत सगळे फोटो काढत होते. किमोनोतली तरुण मुलगी पाठ केलेलं इंग्लिश बोलत होती. मी शेवटच्या घोटाला फुरका मारला, आजोबांचा, पूर्ण. शेजारची बाई दचकली. त्या मुलीनं पाठ केलेलं बोलणं थांबवलं, माझ्याकडे बघितलं, आणि हात टेकून वाकली. मला तिथं इतकी काकूंची आठवण आली की मी बाहेर येऊन रस्त्याच्या कडेला बसले.

नोव्हेंबरात मी गाडी काढून विंडसरला गेले. काकूंच्या मुलीनं दार उघडलं. "शी हॅज बीन अप सिन्स फाइव्ह," ती म्हणाली आणि कामावर निघून गेली. काकू खिडकीजवळच्या खुर्चीत बसल्या होत्या. निम्म्या झाल्या होत्या. मी सगळं सांगितलं. त्यांनी एकच प्रश्न विचारला.

"निघताना दारात उभी राहिली का गं ती पोरगी?"

"नाही काकू. पुढची बॅच थांबली होती."

"हं," काकू म्हणाल्या. "कर चहा."

यजमान मी, पाहुण्या काकू. असं आधी कधी झालं नव्हतं. डायनिंग टेबलावर किटली मांडली, पुरणाची वडी दिली, जायफळ न घातलेली. फेस बरा आला. त्यांनी बाउल दोन्ही हातांनी उचलला, फिरवला. मी मान खाली घातली आणि फुरक्याची वाट बघत बसले.

फुरका येईना. फ्रिजची घरघर ऐकू येत होती. शेवटी मी नियम मोडून वर बघितलं. काकू बाउल मांडीवर धरून माझ्याकडेच बघत होत्या.

"काकू, थंड होऊन राहिला."

"होऊ दे," त्या म्हणाल्या, आणि बाउल माझ्या हातात दिला. तळाशी एक घोट होता. "फुरका मारला की संपलं. राहू दे तो."

ज्या बाईनं पाइनच्या वाऱ्यासाठी माणसं थंडीत गारठवली, तिनं हे केलं. मी बाउल घेऊन स्वयंपाकघरात गेले, नळ सोडला, आणि बंद केला. तो घोट सिंकमध्ये ओतणं माझ्यानं होईना. मी तो प्यायले. गार आणि कडू. आवाज न करता, आईनं शिकवलं होतं तसं.

"ओतून टाकला का गं?" बाहेरून काकूंनी विचारलं.

"नाही. प्यायले."

"माझा उष्टा?"

"हो."

बाहेर खुर्ची करकरली. मग त्या म्हणाल्या, "फुरका नाही ऐकू आला."

"नाही मारला."

"बरं केलं."

निघताना कोट चढवून मी त्यांच्या खुर्चीसमोर वाकले, आणि इतक्या वर्षांच्या सवयीनं तशीच वळले.

"नुसती वाकून काय चालली? म्हण नं."

"काय म्हणू?"

"आपण म्हणतो ते."

"येते हं काकू," मी म्हणाले. बर्फ वितळला की येते, असं पुढे सांगणार होते. पण कधी, ते त्यांनी विचारलं नाही.

"ये," काकू म्हणाल्या.